माझा उजवा खांदा

माझा उजवा खांदा तुम्ही बहुतेक पाहिलेला आहे. सिंगापुरात येऊन चित्रण करून गेलेली एखादी ब्रिटिश मालिका आठवा. गोरी पोलीस अधिकारी बाई टेबलापलीकडे बसून हळू आवाजात काहीतरी विचारते आहे, तिच्या डोळ्यांत हळूहळू पाणी भरतं आहे, आणि पडद्याच्या कोपऱ्यात, जरा धूसर, सुती साडीचा पदर घेतलेला कुणाचा तरी खांदा आहे. तो माझा. कधी डावाही असतो, पण डाव्यापेक्षा उजव्याला मागणी जास्त होती. का, ते मला कुणी सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही.

दिवाळी अंकासाठी लिहा, असं संपादकबाईंनी म्हटलं तेव्हा मला हसू आलं. अभिनेत्रीचे अनुभव म्हटलं की लोकांना पडद्यामागच्या गमती हव्या असतात. मी पडद्यावर असूनही मागेच होते, त्यामुळे गमतींना तोटा नाही. फक्त त्या सांगून झाल्यावर हसू येईल याची खात्री देत नाही.

आधी धंदा समजून घ्या. दोन माणसं बोलत असली की कॅमेरा दोघांना एकाच वेळी घेत नाही. आधी एकाच्या चेहऱ्यावर लावतात, दुसऱ्याचा खांदा कोपऱ्यात ठेवून. मग सगळे दिवे, तारा, खुर्च्या हलवून उलट बाजूने. तोच प्रसंग, तीच वाक्यं, पुन्हा सगळं पहिल्यापासून. मुख्य नटीचा चेहरा नेहमी आधी घेतात, कारण ती ताजी असते, तिचा वेळ मोजका असतो आणि तिच्यासाठीच हा सगळा खटाटोप चाललेला असतो. तेव्हा समोरच्या बाईने कॅमेऱ्याशेजारी बसून आपली वाक्यं म्हणायची. कॅमेरा तिच्या चेहऱ्याकडे बघत नसतो, पण तिच्या बोलण्यावर नटीला रडायचं असतं. आपली पाळी शेवटी येते. आली तर.

आमच्यात मे लिंग नावाची एक जुनी नटी होती. चिनी आई, चिनी आजी, चिनी मोलकरीण अशी कामं करून तिचे केस पांढरे झाले होते. पहिल्याच कामात तिने मला बाजूला घेऊन सांगितलं, "डोंट गिव्ह ऑल, लाह. युवर टर्न लास्ट वन." म्हणजे नटीसाठी बोलताना सरळ पाट्या टाकायच्या आणि आपला जीव आपल्या चेहऱ्यासाठी राखून ठेवायचा. हा सल्ला मी वर्षानुवर्षं पाळला. एकदाच पाळला नाही.

मी मूळची सांगलीची. हौशी नाटकं, राज्य नाट्यस्पर्धा, एक-दोन उत्तेजनार्थ बक्षिसं एवढीच माझी पुंजी. श्रीरंगची, म्हणजे माझ्या नवऱ्याची, इथल्या बँकेत बदली झाली आणि आम्ही हौगांगला फ्लॅट घेतला. इथल्या मराठी मंडळींच्या गणपतीत मी नाटक बसवलं. ते बघायला शेजारची एक मुलगी आली होती, ती मालिकांसाठी माणसं शोधायचं काम करायची. तिच्याकडच्या मागण्या फार सोप्या असत. 'भारतीय बाई, वय पन्नास.' एवढंच. नाव नाही, गाव नाही, स्वभाव नाही. मी तेव्हा चाळिशीत होते, पण भारतीय होते, म्हणून चालले.

त्यानंतर मी नर्स झाले, वॉर्डातली सफाईवाली झाले, खून बघितलेली शेजारीण झाले, खून न बघितलेली शेजारीण तर कितीदा झाले. एका इंग्रज दिग्दर्शकाने मला चहाचा कप ठेवायला सांगितलं. मी ठेवला. तो म्हणाला, जरा अजून भारतीय पद्धतीने ठेवता येईल का? मी विचार केला, आपल्या घरी कप कसा ठेवतात? मग जरा आपटून ठेवला. तो खूश झाला. इथल्या एका दिग्दर्शकाला उलट वाटायचं, की मी फार भारतीय बोलते, जरा सिंगापूरची वाटायला हवी. त्याच्यासाठी मी प्रत्येक वाक्यामागे इथल्या बोलीतला 'लाह' लावला, तर माझी लेक ईरा घरी बघताना सोफ्यावरून खाली पडायची बाकी राहिली. "मम्मा, प्लीज लाह, नोबडी टॉक लाइक धिस!" माझ्या अभिनयावर घरातून आलेलं हे एकमेव परीक्षण.

पण खरी प्रेक्षक सांगलीत होती. माझी आई.

मुकुंद, माझा धाकटा भाऊ, कुठून कुठून त्या मालिका मिळवायचा आणि आईला लावून द्यायचा. तिला इंग्रजी ओ की ठो कळत नव्हतं. ती गोष्ट बघतच नसे, मला शोधत बसे. पहिल्यांदा मी रुग्णालयाच्या बोळातून पाठमोरी चालत गेले होते, दोन सेकंदांचं काम. आईने मुकुंदला तिथेच थांबवायला लावलं. मग मला फोन. "ती दुसरी नर्स तूच ना गं? दोन भोवरे दिसले मला."

माझ्या डोक्यावर मागे शेजारी शेजारी दोन भोवरे आहेत. लहानपणी त्यावरून फार चिडवून घेतलंय. दोन भोवरे म्हणजे दोन लग्नं, असं अख्खी आळी म्हणायची. दहावीपर्यंत आईने रोज माझ्या वेण्या घातल्या, त्यामुळे माझा चेहरा जितका तिच्या पाठ होता तितकंच डोक्यामागचं सगळं. मेकअपच्या पोरी तिथले केस फवारा मारून दाबायला बघायच्या आणि मी दाबू द्यायची नाही. त्यांना वाटायचं, बाई हट्टी आहे. त्यांना काय सांगणार, की ह्या जागेवर सांगलीत एकजण डोळे लावून बसली आहे.

एकदा पुलाउ उबीनवर चित्रण होतं. तिथे होडीने जावं लागतं. मला प्रेताचं काम होतं. खारफुटीच्या कडेला चिखलात पालथं पडायचं आणि श्वास घ्यायचा नाही. मुंग्या माझ्या पायांवर जेवायला बसल्या होत्या आणि इंग्रज नट माझ्या डोक्याशी उभं राहून भलंमोठं भाषण करत होता, ते पुन्हा पुन्हा चुकत होता. मी एवढी स्थिर पडले होते की शेवटी त्याने वाकून मला हळूच विचारलं, तुम्ही ठीक आहात ना? त्याचा तो टेक चांगला जमला होता आणि माझ्यामुळे वाया गेला, कारण मी 'हो' म्हटलं. ही गोष्ट मी सगळीकडे रंगवून सांगते. आईचा फोन मात्र कधी सांगत नाही. ती म्हणाली, "असली कामं घेत जाऊ नकोस, नीलू. ते भोवरे बघितले आणि मुकुंदला ते बंदच करायला लावलं."

मग काचबिंदूने तिची नजर नेली. आधी कडा गेल्या, मग मधलं गेलं. मुकुंद मालिका लावायचा, ती विचारायची, आली का? तो म्हणायचा, आली आणि गेली. एकदा मी सांगलीला गेले असताना ती म्हणाली, "आता मला तू दिसायची नाहीस. ऐकू येशील असं काहीतरी कर." मागितलं तर एवढंच. दुसरी आई असती तर म्हणाली असती, परत ये.

आणि ते काम आलं. ब्रिटिश मालिका, सहा भागांची. तिकडची एक पोलीस अधिकारी सिंगापुरात येते आणि जहाजबांधणीच्या आवारातून नाहीशा झालेल्या एका कामगाराचा शोध घेते. मी त्या कामगाराची आई. एक अख्खा प्रसंग माझा होता. मुलगा सापडला आहे, पण जिवंत नाही, हे अधिकारी बाई तिला सांगते. संहितेत लिहिलं होतं, 'आई तिच्या भाषेत बोलते.' कोणती भाषा, काय बोलते, काही नाही. हेलन नावाची तरुण दिग्दर्शिका होती, भली मुलगी. तिला विचारलं तर म्हणाली, तुमची स्वतःची भाषा, तुमचे स्वतःचे शब्द.

माझी भाषा! इतक्या वर्षांत मला कुणी ही मुभा दिली नव्हती. मी श्रीरंगला ते सांगताना रडले. मग सांगलीला फोन केला, "आई, मराठीत बोलणार आहे मी. टीव्हीत." तिने मुकुंदला हाक मारून ते सांगितलं. नंतर म्हणाली, "सावकाश बोल हं. तू भरभर बोलतेस."

जुरोंग ईस्टमधला एक फ्लॅट भाड्याने घेऊन चित्रण होतं. लहानसं स्वयंपाकघर, ओट्यावर स्टीलचं झाकलेलं ताट. ते ताट मी मागून घेतलं होतं. वहिवाटीप्रमाणे आधी नटीचा चेहरा. मी कॅमेऱ्याशेजारच्या स्टुलावर बसले. मे लिंगही त्या दिवशी होती, शेजारणीच्या कामाला. तिने दारातून माझ्याकडे बघून बोटाने नुसतं 'कमी' अशी खूण केली. मी मान हलवली. मला सगळं ठाऊक होतं.

नटीने बातमी सांगितली. मी बोलायला तोंड उघडलं आणि मराठी आलं. तुम्ही म्हणाल, त्यात काय विशेष. पण दिव्यांसमोर, माणसं गप्प उभी असताना, माझ्या तोंडून मराठी यायला एवढी वर्षं गेली होती आणि ते काही मोजून मापून यायला तयार नव्हतं. "अरे, तू जेवून गेला नाहीस रे. ताट तसंच झाकून ठेवलंय. मी म्हटलं येईल, गरम करून देईन. तू जेवून का नाही गेलास?" एवढंच. सावकाश. आईने सांगितलं होतं तसं. माझे हात आपोआप ताटाच्या दिशेने गेले, ते मी मुद्दाम केलं नव्हतं. समोरची नटी अशी रडली की हेलनने बराच वेळ थांबा म्हटलंच नाही. तिला एक अक्षर कळलं नव्हतं आणि सगळं कळलं होतं. माझ्या सगळ्या आयुष्यात मी तेव्हा एकदाच पूर्ण अभिनेत्री होते आणि कॅमेऱ्याकडे माझी पाठ होती.

दुपारी विजा सुरू झाल्या. इथे विजेचा इशारा मिळाला की बाहेरचे दिवे उतरवावे लागतात, खिडकीतला उजेड त्या दिव्यांचा होता. सगळे बसून राहिलो. पाऊस थांबेपर्यंत नटीची कामाची वेळ संपली आणि ती माझे हात हातात घेऊन, फार मनापासून आभार मानून, गाडीत बसून गेली. माझ्या चेहऱ्याची पाळी आली तेव्हा तिच्या जागी एक मुलगी कागद धरून बसली आणि रेल्वेच्या घोषणेसारखी तिने मला माझा मुलगा गेल्याचं सांगितलं. मी बोलले. शब्द तेच. पण विहिरीतलं पाणी सकाळीच उपसून झालं होतं. मी रडण्याचा अभिनय केला, तोही वाईट. हेलन म्हणाली, "लव्हली." त्या लोकांत 'लव्हली' म्हणजे काय ते मला एव्हाना कळत होतं. मे लिंग माझी पिशवी उचलून स्टेशनपर्यंत सोबत आली.

पण निघताना आवाज टिपणारा रफीक मागून आला होता. म्हणाला, सकाळी तुमच्यासाठीही एक माइक लावला होता आंटी, सगळं स्वच्छ आलंय, ते हेच वापरतील. घरी जाताना गाडीत माझ्या लक्षात आलं, की मग काहीच बिघडलेलं नाही! चेहरा नटीचा, खांदा माझा आणि आवाज सकाळचा. चेहरा हवा कुणाला? ज्या बाईसाठी हे केलं तिला चेहरा दिसणारच नव्हता. मी सुटकेने एवढी खुळावले की हौगांगच्या बाजारातून जिलब्या घेऊन घरी गेले.

मालिका आली तेव्हा मी मुद्दाम सांगलीला गेले. आईने ठेवणीतलं लुगडं नेसलं होतं, शेजारच्या दोघी-तिघींना बोलावलं होतं. मुकुंदने लॅपटॉप टीव्हीला जोडला. आईची खुर्ची अगदी टीव्हीच्या तोंडाशी ओढली. मी तिच्या पायाशी सतरंजीवर बसले.

प्रसंग सुरू झाला. नटीचा रडवेला चेहरा, कोपऱ्यात माझा खांदा, ओट्यावरचं ताट. आणि आवाज आला. तमिळ. कुणीतरी बाई तमिळमध्ये बोलत होती, रडत होती. चांगलं रडत होती, खोटं कशाला बोलू.

मी मुकुंदकडे बघितलं, त्याने माझ्याकडे. एकदा माझा चेहराही आला, लांबून, क्षणभर, माझे ओठ एक बोलत होते आणि आवाज दुसरंच. मग पुन्हा खांदा. आई खुर्चीत पुढे वाकली होती. "ही कोण?" ती म्हणाली. "नीलू कुठेय?"

मुकुंद मायाळू आहे. लहानपणापासून त्याला कुणाचा पडलेला चेहरा बघवत नाही. तो म्हणाला, "ताईच आहे आई. पाठमोरी दिसतेय. दोन भोवरे स्पष्ट दिसतायत बघ."

दोन भोवरे म्हटल्यावर आईचा प्रश्नच मिटला. तिचा हात खाली आला, चाचपडत माझ्या डोक्यावर बसला, आणि ती ऐकत राहिली. तोंडावर असं काही हसू होतं की मी डोकं तसंच तिच्या हाताखाली ठेवलं. संपल्यावर ती म्हणाली, "मराठीत बोलणार होतीस ना? पण इतकं छान तमिळ कधी शिकलीस गं?"

"कामासाठी शिकावं लागतं त्यांना," मुकुंद म्हणाला. शेजारणी वा वा म्हणाल्या.

"खरं रडलीस ना?"

"हो," मी म्हटलं. "खरं रडले."

खुलासा पुढे हेलनकडून आला. फार सभ्य मेल होती. सिंगापुरातल्या भारतीय कामगाराची आई म्हटल्यावर तिकडच्या प्रेक्षकाला तमिळच पटेल असं वरच्या मंडळींना सल्लागाराने सांगितलं होतं, म्हणून दुसऱ्या कलावतीकडून आवाज करून घेतला. कळवायचं राहून गेलं. तुमचं काम अप्रतिम होतं. मी वाद घातला नाही. माझ्या करारात तसं करायची त्यांना मुभा होती. आणि रागवायचं तरी कुणावर? त्यांना मी मराठी आहे हे कधी ठाऊकच नव्हतं, मी भारतीय बाई, वय पन्नास होते. आता साठ.

पण त्याआधी, मालिका बघितली त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी, मी सांगलीतच ठरवलं, आपणच म्हणून दाखवू. आईला कॅमेरा कशाला लागतो? ती चहा पीत होती. मी शेजारी बसले आणि म्हटलं, "अरे, तू जेवून गेला नाहीस रे. ताट तसंच झाकून ठेवलंय." आईने बशी खाली ठेवली. "कोण जेवलं नाही? मुकुंद? आणि ताट कशाला झाकून ठेवलंस, मुंग्या लागतील." मी पुढचं म्हटलं नाही. उठून उगीच स्वयंपाकघरात गेले.

त्यानंतर मी काम सोडलं. ती शेजारची मुलगी अजून कधीतरी विचारते, आता 'भारतीय आजी' हवी असते. मी गुडघ्यांचं कारण सांगते. मे लिंग मात्र अजून जाते. म्हणते, घरी बसून काय करू, घरी तर खांदासुद्धा कुणी बघत नाही.

आईला आता ऐकूही जरा कमी येतं. बोलण्यात मागचं पुढे होतं. मुकुंद सांगतो, रोज संध्याकाळी ती तो प्रसंग लावायला लावते. दिवा लावून झाला की म्हणते, नीलूला लाव. त्यानेही आता तेवढाच तुकडा काढून फोनवर ठेवला आहे. ती डोळे मिटून ऐकते, मग जेवते.

मी दर रविवारी फोन करते. मागच्या रविवारी मी सावकाश, स्वच्छ बोलत होते. तिने थोडा वेळ ऐकून घेतलं. मग म्हणाली, "कोण बोलतंय?"

"आई, मी. नीलू."

"आवाज बसलाय का तुझा? वेगळाच येतोय." मग फोन कानापासून दूर गेला आणि ती मुकुंदला म्हणाली, "हिच्या फोनवर काही नीट ऐकू येत नाही रे. तू आपला तो टीव्हीतला लाव."

फोन बंद करायचं दोघांच्याही लक्षात आलं नाही. मी हौगांगच्या फ्लॅटमध्ये कानाला फोन लावून बसले होते आणि पलीकडे, सांगलीत, ती बाई माझ्यासाठी तमिळमध्ये रडायला लागली. "हं," आई म्हणाली, "ही माझी नीलू."